न सांगायचं औषध

शहराच्या कडेला असलेल्या शेळगीच्या मागच्या अंगाला पत्र्याची एक लांबट शेड आहे. सकाळी सहाच्या आत तिथे आठ चुली पेटतात आणि आठ काठवटींत ज्वारीचं पीठ गरम पाण्याने मळलं जातं. पापडासारख्या पातळ कडक भाकऱ्या इथे थापतात, तव्यावरून काढून चुलीच्या कडेला उभ्या करून वाळवतात आणि खोक्यांत भरून पुण्या-मुंबईला पाठवतात. भाकरी महिनाभर टिकते. थापणारणीचे गुडघे तेवढे टिकत नाहीत.

दारापासून पहिली चूल बजाबाईची. माहेर सांगोल्याकडचं, नवरा गिरणीत होता. गिरणी बंद पडली, मग काही वर्षांनी तोही गेला. दोन मुली लग्न करून आपापल्या घरी गेल्या. बजाबाई सव्वीस वर्षं त्याच जागी, डावा पाय मुडपून आणि उजवा गुडघा उभा धरून बसत आली होती. वय सत्तावन्न. दुखणं आधी मनगटात आलं, मग गुडघ्यात उतरलं आणि शेवटी असं झालं की सकाळी उठताना तिला भिंत धरून चार टप्प्यांत उभं राहावं लागे.

उपाय करायचे तिने काही बाकी ठेवले नव्हते. निर्गुडीचा पाला बांधून झाला, तापलेल्या विटेचा शेक झाला, हिरवा बाम आणि लाल तेल झालं. सरकारी दवाखान्यातल्या गोळ्यांनी पोटात आग पडायची. तिथला डॉक्टर भला माणूस होता. तो म्हणाला, "आजी, जमिनीवर बसणं बंद करा."

"मग भाकरी काय खुर्चीवर बसून थापू व्हय?" बजाबाई म्हणाली. डॉक्टर हसला. तिला हसू आलं नाही.

दोन वर्षांपूर्वी वडापच्या जीपमध्ये शेजारी बसलेल्या एका बाईने तिला गुरुबसप्पाचं नाव सांगितलं. मंद्रूपच्या पुढे एका वस्तीवर तो बाजाराच्या दिवशी पुडी देतो, लोक काखेत कुबड्या घेऊन जातात आणि त्या काखोटीला मारून चालत येतात, असं ती म्हणाली. बजाबाई पुढच्याच बाजारी गेली. लिंबाच्या झाडाखाली सत्तर-ऐंशी माणसं बसली होती. गुरुबसप्पा पांढऱ्या सदऱ्यातला, मऊ आवाजाचा, साठीचा माणूस. त्याने गुडघ्याला हात लावला नाही. फक्त विचारलं, "किती जणींसाठी नेणार?"

शेडमधल्या सगळ्यांची दुखणी बजाबाईला पाठ होती. "आठ," ती म्हणाली.

त्याने तिच्या मुठीत ज्वारी दिली आणि समोरच्या मडक्यात टाकायला लावली. "ही आण हाय बघ, अव्वा. वांगं खायचं न्हाय. आणि डाक्टरला सांगायचं न्हाय. औषधाचं नाव डाक्टरच्या कानावर गेलं की त्याचा गुण मरतंय. आणि सांगणारीवर त्या आठी जणींची दुखणी जाऊन बसत्यात."

बजाबाईने ज्वारी टाकली. दाणे मडक्यात पडल्याचा आवाज आला नाही. मडकं जवळजवळ काठोकाठ भरलेलं होतं.

पुडीत मातकट रंगाची पूड होती. सकाळी उपाशीपोटी ताकातून घ्यायची. चौथ्या दिवशी बजाबाई भिंत न धरता उठली. तिला वाटलं, चुकून झालं असेल. म्हणून ती पुन्हा बसली आणि पुन्हा उठली. मग चुलीपाशी बसून तिने डोळ्याला पदर लावला.

त्यानंतर शेडची कळाच बदलली. शिवम्मा, जिची चूल बजाबाईच्या शेजारी होती आणि जिच्याशी तिचं सव्वीस वर्षांचं भांडण आणि तितकंच जुनं सख्य होतं, ती एके दिवशी कंबरेवर हात ठेवून नाचून दाखवायला लागली.

"बजाक्का, बघ की! लग्नात नाचले नाही ते आता नाचायलेय!"

"बस खाली, भाकरी करपायलीय तुझी."

"करपू दे गं. एक भाकरी गुडघ्यावरनं ओवाळून टाकली म्हण."

बजाबाई दर बाजारी पिशवी घेऊन जायची आणि आठ घरच्या पुड्या आणायची. आधी ती शेडमधली एक थापणारीण होती. आता बायका वाटेत थांबून तिची वाट बघायला लागल्या. हे तिला आवडत नव्हतं असं म्हणता येणार नाही.

सगळ्यांना भूक चांगली लागायला लागली. गाल भरले. तिसऱ्या चुलीवरची, वाळल्या शेंगेसारखी असलेली निंगव्वा गुबगुबीत दिसू लागली, तेव्हा तिची सूनच म्हणाली, "अत्तीला आता कुठे अन्न अंगाला लागलंय." हे सगळं त्यांनी तब्येत सुधारल्याचं लक्षण धरलं. टोपलीची कड लागली तरी हातावर काळानिळा डाग उमटायचा आणि पंधरा पंधरा दिवस जायचा नाही. म्हातारपणी कातडी हळवी होतेच, असं म्हणून त्या भाकऱ्या थापत राहिल्या. शिवम्माच्या पायाला निखारा चाटला होता. ती जखम दिवाळीला झाली आणि होळी आली तरी ओलीच होती. तिच्यावर ती हळद दाबायची, वरून फडकं बांधायची आणि कामाला बसायची. दुखत कुठे होतं? दुखत नव्हतं, म्हणजे बरं होतं.

मार्चच्या एका शनिवारी संघप्रिया भाकऱ्या न्यायला आली. ती महापालिकेच्या आरोग्य केंद्रात नर्स होती, दोन गल्ल्या सोडून राहायची. नेहमी तिचा भाऊ यायचा, शेडमध्ये ती पहिल्यांदाच आली होती. दारातून आत आली आणि तिथेच थबकली. आठ चुलींच्या उजेडात आठ बायका ओळीने बसल्या होत्या. कोण लिंगायत, कोण धनगर, कोण तेलुगू बोलणारी; एकीचं दुसरीशी नातं नाही. पण सगळ्यांचे चेहरे एकसारखे होते. गोल, ताणलेले, चकचकीत, गालावर लाली आणि डोळे मांसात बुडालेले.

"तुम्ही सगळ्या बहिणी आहात का?" संघप्रियाने विचारलं.

शिवम्मा खो खो हसली. "बहिणी! ऐकलं का गं? हिची आई आणि माझी आई एका विहिरीवर पाणी भरत नव्हत्या, आणि म्हणे बहिणी!"

संघप्रिया हसली नाही. ती बजाबाईजवळ उकिडवी बसली आणि तिच्या दंडावरचा निळा डाग बघत म्हणाली, "मावशी, गुडघ्यासाठी काही घेता का? पुडी, काढा, काही?"

बजाबाईने तव्यावरची भाकरी उलटली. "न्हाय बाई. भाकरी खातो, आनि काय."

"बरं. तरी ऐकून ठेवा. असल्या पुड्यांत काही लोक स्टेरॉइड घालतात. दुखणं पळतं, चेहरा असा भरतो आणि आतून हाडं पोकळ होतात. जखम भरत नाही. आणि मुख्य म्हणजे," ती आवाज उतरवून म्हणाली, "घेत असाल तर एकदम बंद करू नका. अंगात तसलंच जे आपोआप तयार व्हायचं, ते शरीर बनवायचं विसरलेलं असतं. अचानक तोडलं तर माणूस कोसळतं. दवाखान्यात या, तिथे गोळी देऊन हळूहळू उतरवतात. माझ्याकडे या, मी नेते."

ती गेल्यावर शिवम्मा म्हणाली, "पोरगी हुशार हाय, पण डाक्टरांच्यात ऱ्हाऊन डोकं फिरलंय." सगळ्या हसल्या. बजाबाईही हसली.

सोमवारी निंगव्वाने पिठाचं अर्धं पोतं उचललं. तिच्या पाठीत काडी मोडल्यासारखा आवाज झाला. चुलीपासून दहा पावलांवर बजाबाईला तो ऐकू आला. निंगव्वा ओरडली नाही, पोतं तसंच धरून हळूहळू खाली बसली आणि म्हणाली, "काय झालं गं?" पोतं काही जड नव्हतं. तिची नात ते उचलायची.

निंगव्वाला तिच्या सुनेने रिक्षातून दवाखान्यात नेलं. मणका दबून बसला होता. पुडीचं तिच्या घरीही कुणी तोंडातून काढलं नाही.

बजाबाई त्या दुपारी जेवली नाही. हाडं पोकळ होतात, हे शब्द तिच्या कानात बसले होते. संघप्रियाने सांगितलेलं दुसरं वाक्यही तिला आठवत होतं, चांगलं आठवत होतं. पण तिचं मन ते घेईना. साप घरात निघाला तर त्याला रोज थोडा थोडा बाहेर काढतात का? पिठात पाल पडली तर त्यातल्या निम्म्या भाकऱ्या थापतात का? आपण आपल्या हाताने आठ घरांत विष नेऊन दिलं. आता कळल्यावर त्यातली एक चिमूटही कुणाच्या तोंडात जाऊ द्यायची, तर आपण माणूस कसले? तिच्या हिशेबाने सरळ वागायची ती एकच रीत होती.

दिवेलागणीच्या आत ती आठी घरं फिरली. कुणी दिलं, कुणी भांडलं. शिवम्माने डबा पाठीमागे धरला.

"उद्या सकाळी मी उठू कशी?"

"भिंत धरून ऊठ. आदी उठत न्हवतीस का?"

"आधीचं मी विसरले बजाक्का," शिवम्मा एकदम बारीक आवाजात म्हणाली. "आणायला तूच गेलीस, आता न्यायलाही तूच."

बजाबाईने डबा ओढून घेतला. सगळ्या पुड्या तिने शेडमध्ये आपल्या चुलीत घातल्या. त्या जळताना पिवळसर धूर निघाला आणि त्याला काहीच वास आला नाही.

मंगळवारी सगळ्यांची दुखणी परतली, आणि ती एकटी आली नव्हती. बुधवारी पाच चुली पेटल्या, गुरुवारी तीन. बजाबाईला बसल्याजागी घाम सुटायचा, काठवट डोळ्यांपुढे फिरायची. तरी ती थापत राहिली. आपल्या कर्माची शिक्षा आहे, भोगली पाहिजे, असं तिने धरलं होतं. शिवम्माला पायाच्या जखमेतून ताप भरला. गुरुवारी पहाटेपासून तिला उलट्या सुरू झाल्या. नऊ वाजता तिचा मुलगा महेश्वर धावत शेडमध्ये आला.

"मावशी, आई मान धरंना. डोळे उघडे हायत, पण बोलंना."

मोठ्या सरकारी दवाखान्यात तिला खाटेवर घातलं तेव्हा तिची बोटं पाण्यातून काढल्यासारखी गार होती. डॉक्टर सई नावाची तरुण मुलगी होती, डोळ्यांखाली काळी वर्तुळं, बोलणं भराभर. तिने सलाईन लावलं, रक्त काढलं आणि महेश्वरला विचारलं, "आधीपासून कुठलं औषध चालू होतं का?"

"न्हाय मॅडम." त्याला खरंच माहीत नव्हतं. घरच्या पुरुषांना पुडीचं सांगायची पद्धत नव्हती.

डॉक्टरीण बजाबाईकडे वळली. "तुम्हाला काही माहिती?"

बजाबाईने शिवम्माकडे बघितलं. शिवम्माचे ओठ हलत नव्हते, पण तिची नजर बजाबाईवर खिळली होती आणि तिने मान अगदी किंचित डावी-उजवीकडे हलवली. नको.

"न्हाय," बजाबाई म्हणाली.

अकरा वाजले. एक बाटली संपली, दुसरी लावली. नर्स दर थोड्या वेळाने दंडाला पट्टा गुंडाळायची, आकडा बघायची आणि डॉक्टरणीला बोलवायची. आकडे बजाबाईला कळत नव्हते, पण दर वेळी डॉक्टरणीची पावलं जास्त घाईने वाजत होती, ते कळत होतं. "एवढं पाणी देऊन प्रेशर चढत का नाही?" ती दुसऱ्या डॉक्टरला म्हणत होती. "काहीतरी निसटतंय आपल्याकडून."

बजाबाई बाहेरच्या बाकावर बसली. संघप्रियाने सांगितलं होतं तसंच होत होतं, शब्दाला शब्द. माणूस कोसळतं. आणि कोसळवलं कुणी? गुरुबसप्पाने दोन वर्षांत, आणि आपण एका संध्याकाळी.

मग तिला मडकं आठवलं. ती आण खरी मानत होती का? अर्धी मानत होती. पण अर्धी आणसुद्धा जड असते. तिने मनात आठी जणींची दुखणी एकेक करून आपल्या अंगावर ठेवून बघितली. शिवम्माचा गुडघा. निंगव्वाची मोडकी पाठ. कोपऱ्यातल्या चुलीवरच्या बाईची मान, जी वळायचीच नाही. हे सगळं एका अंगात कसं मावेल, कुठल्या कुशीवर झोपता येईल, याचा ती खरोखरच विचार करत बसली. सकाळी उठताना आठ भिंती लागतील, असं तिच्या मनात आलं.

आतून नर्स ओरडली, "मॅडम, लवकर!"

बजाबाई उठली. गुडघ्यात कळ आली ती डोक्यापर्यंत गेली. ती खाटेपाशी गेली आणि डॉक्टरणीची बाही धरली.

"पुडी घेत हुती ती. दोन वर्सं. गुडघ्याची. मी आणून देत हुते. सोमवारी मी ती जाळली. आमी आठी जणी घेत हुतो. आता काय करायचं ते करा, आनि त्याचं माझ्यावर यिऊ दे."

डॉक्टरीण क्षणभर तिच्या गोल चेहऱ्याकडे बघत राहिली. मग नर्सला तिने एका इंजेक्शनचं नाव सांगितलं, दोनदा, मोठ्याने. सुई गेल्यावर ती वळली. "हे सकाळी सांगितलं असतं तर..." बजाबाईच्या दंडालाही पट्टा गुंडाळायला तिने नर्सला सांगितलं.

महेश्वर भिंतीला टेकून उभा होता. पुढे बरेच दिवस तो बजाबाईशी बोलला नाही.

शिवम्मा त्या दिवशी मेली नाही. संध्याकाळी पाचला तिने पाणी मागितलं. निरोप कळल्यावर संघप्रिया ड्यूटी संपवून आली होती. तिने उरलेल्या बायकांना दोघी-तिघी करून रिक्षातून आणलं, सगळ्यांना छोट्या गोळ्या सुरू झाल्या. आज एवढी, पुढच्या महिन्यात त्याहून कमी, असं वर्षभर उतरवत जायचं. निंगव्वाच्या घरीही ती जाऊन आली. त्या गोळ्यांनी माणूस कोसळत नाही. दुखणं मात्र राहतं. त्यासाठी वेगळ्या गोळ्या, मांडीचे व्यायाम, शेक, आणि शेवटी तेच: जमिनीवर बसू नका.

दुसऱ्या दिवशी शिवम्माला नीट शुद्ध आली. बजाबाई उशाशी होती.

"सांगितलंस?"

"व्हय."

शिवम्माने तोंड भिंतीकडे केलं.

पुढे पंधरा दिवसांनी, बाजाराच्या दिवशी, सकाळी आठ वाजता बजाबाई सात रस्त्याच्या चौकात गोळ्या आणायला गेली होती. ऊन तेव्हाच कडक झालं होतं. मंद्रूपच्या वडापापाशी लोक उभे होते आणि त्यांत काठी टेकत, पायाला फडकं बांधलेली शिवम्मा उभी होती. खांद्याला पिशवी होती.

"कुटं निघालीस?" बजाबाईने विचारलं. तिला माहीत होतं.

"तुला काय करायचंय?"

"मरताना बघितलंय तुला मी. थंडगार पडली हुतीस."

"मला कुठे आठवतंय ते? मला एवढंच आठवतंय की मी नाचत होते." शिवम्माच्या डोळ्यांत पाणी आलं, पण आवाज कडकच होता. "काल मला संडासातून महेश्वरनं उचलून आणलं. पोटच्या पोरानं. कळलं का तुला?"

"आनि आण? मी बोलले की. तुजं दुखणं माझ्यावर यायला पायजे हुतं. आलं का? तुजं तुझ्याकडंच हाय, माजं माझ्याकडं. म्हंजे ती आण खोटी हुती. आण खोटी, तर त्याचं औषध खरं कसं गं?"

शिवम्मा थांबली. तिने हे मनात फिरवून बघितल्यासारखं दिसलं.

"आण खोटी असंल," ती शेवटी म्हणाली. "गुडघा खरा हाय बजाक्का."

आणि तिने काठी आत टाकली, दांडा धरला, ड्रायव्हरच्या पोराने हात दिला आणि ती जीपमध्ये चढली. ड्रायव्हर ओरडत होता, "चला मंद्रूप, मंद्रूप, एक शीट, एक शीट."

बजाबाईने गोळ्यांचा कागद कमरेला खोचला. पाय पायरीवर ठेवला तर गुडघा उचलेना. तिने दोन्ही हातांनी मांडी धरून पाय वर ठेवला, मग दुसरा ओढून घेतला आणि शिवम्माच्या शेजारी उरलेल्या वीतभर जागेत बसली.

"तू कशाला येतीस? मला खाली ओढायला?"

"न्हाय. तुला ओढायला माझ्यात बळ न्हाय. मी त्या झाडाखाली जाऊन सगळ्यांम्होरं मोठ्यानं पुडीचं सगळं सांगणार हाय. तुला घ्यायची तर ते ऐकून घे."

"मारतील तुला. दुखणारी माणसं हायत ती. रांगेतनं उठून मारतील."

"म्हाईत हाय."

शिवम्माने पिशवी मांडीवर घट्ट धरली. जीप सुटली. विजापूर रोडचा पहिला खड्डा आला तशा दोघींच्या तोंडून एकदमच "अव्वा गं" निघालं, आणि समोर बसलेला एक म्हातारा आपल्या कुबड्या सावरत त्यांच्याकडे बघून म्हणाला, "पहिल्यांदाच चाललाय व्हय? चार दिवसांत उड्या मारशाल बघा."